साठ हातांचे देवालय

पावसाळा सरून अंगणातील चिखल वाळला, त्या सुमारास एका रविवारी आम्ही धर्मशिक्षणाच्या वर्गात शलमोन राजाच्या मंदिराचा पाठ घेत होतो. ६० हात लांब, २० हात रुंद व ३० हात उंच, ही मापे मुलांनी घोकून ठेवली होती. परंतु घोकलेले माप निराळे आणि डोळ्यांनी पाहिलेले माप निराळे. इतक्यात मागल्या बाकावरील एका मुलाने विचारले, "फादर, ते मंदिर आपल्या देवळाच्या किती पट मोठे होते?" उत्तर तोंडाने देता आले असते. त्याऐवजी आम्ही सुंभाची दोरी व चुन्याची फक्की मागविली आणि सारा वर्ग देवळाच्या अंगणात नेला.

तेथे कुंपणाच्या भिंतीची डागडुजी करीत आमच्या धर्मग्रामातील एक वृद्ध मिस्त्री बसले होते. मुले आपापल्या हातांनी दोरी मोजू लागली तेव्हा ते हसून म्हणाले, "फादर, हात नक्की कुणाचा धरायचा? माझा, का ह्या पोरांचा?" प्रश्न अगदी वाजवी होता. शेवटी मिस्त्रींचाच हात प्रमाण धरून आम्ही दोरी ताणली, चुना सोडला आणि चौकोन आखला. तो पाहून मुलांच्या तोंडचा पहिला उद्गार होता, "एवढेच?"

वाचकहो, तो उद्गार आमच्या मनातून गेला नाही. जगाने तीन हजार वर्षे ज्या वास्तूचे स्मरण ठेविले, ती आमच्या लहानशा कौलारू देवळाच्या अंगणात सहज मावली होती. असे का, हे या लेखात आम्ही सांगू इच्छितो. त्या दुपारी मिस्त्रींनी आम्हांस आणखी एक प्रश्न विचारला. तो लेखाच्या शेवटी येईल.

हात म्हणजे किती?

आपल्याकडील जुनी माणसे कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंतच्या अंतरास एक हात म्हणत आणि कापड, दोर, विहिरीची खोली त्याने मोजीत. इस्रायली लोकांचेही माप तेच. जेरुसलेम शहराखाली हिज्कीया राजाच्या काळातील पाण्याचे एक भुयार आहे. १८८० साली त्यात एक शिलालेख सापडला; त्यात पाणी १२०० हात वाहत गेले असे कोरले आहे. आज मोजता ते भुयार सुमारे ५३३ मीटर भरते, म्हणजे एक हात सुमारे ४४ सेंटिमीटरांचा झाला. याखेरीज आणखी मूठभर रुंदी मिळविलेला एक मोठा हातही होता. यहेज्केल संदेष्ट्याच्या दर्शनातील मापे त्या हाताची आहेत. तो सुमारे ५२ सेंटिमीटरांचा मानतात. यांपैकी कोणताही हात धरला तरी मंदिराची लांबी २७ ते ३१ मीटर आणि रुंदी ९ ते १०॥ मीटर येते. आपल्या भाषेत सांगायचे तर नव्वद ते शंभर फूट लांब आणि तीस ते पस्तीस फूट रुंद.

राजाचा स्वतःचा वाडा याहून मोठा होता. त्यातील लबानोनवन नावाचे एकच सभागृह १०० हात लांब व ५० हात रुंद होते. मंदिर बांधण्यास ७ वर्षे लागली, वाड्यास १३. पवित्र शास्त्राने ही दोन्ही वर्षे एकापाठोपाठ नोंदविली आहेत आणि त्यांवर काही भाष्य केलेले नाही. वाचकाने आपल्या मनाशी काय ते समजावे.

मग मंदिर एवढे लहान का? याचे उत्तर असे की ते देऊळ आपल्या देवळासारखे नव्हतेच. आपण देवळात आत जातो, बाकांवर बसतो, एकत्र प्रार्थना करतो; आपले देऊळ म्हणजे भाविकांच्या मेळाव्याचे घर. शलमोनाचे मंदिर हे भाविकांसाठी बांधलेले दालन नव्हते. हिब्रू भाषेत त्याला 'परमेश्वराचे घर' असेच साधे नाव आहे. लोक बाहेर प्रांगणात उभे राहत. यज्ञ होई तोही बाहेर, उघड्या आकाशाखाली. आतल्या दालनात याजकांनी जावे आणि त्याच्याही आतल्या खोलीत वर्षातून एकदाच एकट्या प्रमुख याजकाने प्रवेश करावा, अशी नियमशास्त्राची आज्ञा होती. ज्या घरात माणसांची दाटी व्हायची नाही, ते मोठे कशाला असावे?

बाहेरून आत

चला, वाचकहो, त्या चुन्याच्या रेघांवरून आपण पूर्वेकडून पश्चिमेकडे चालत जाऊ. कारण मंदिराचे तोंड पूर्वेस होते.

प्रथम प्रांगण. तेथे पितळेची मोठी यज्ञवेदी; इतिहासाच्या दुसऱ्या ग्रंथात तिचे माप २० हात लांब, २० हात रुंद व १० हात उंच असे दिले आहे. तिच्याजवळ पितळेचे एक प्रचंड गोल गंगाळ. त्याला 'समुद्र' म्हणत. काठापासून काठापर्यंत १० हात, खोली ५ हात आणि जाडी चार बोटे. घेर ३० हात दिला आहे, म्हणून गणिताचा विद्यार्थी लगेच हरकत घेईल. परंतु ग्रंथकाराने पूर्णांकांत मोजले इतकेच. हे गंगाळ पितळेच्या १२ बैलांच्या पाठीवर ठेविले होते. तीन उत्तरेस, तीन पश्चिमेस, तीन दक्षिणेस व तीन पूर्वेस तोंड करून. याखेरीज चाकांच्या दहा चौरंगांवर दहा लहान गंगाळे होती. एवढ्या अवजड वस्तू ओतल्या कोठे? यार्देन नदीच्या खोऱ्यात, सुक्कोथ व सारतान यांच्यामध्ये, जेथे साच्यास योग्य अशी चिकणमाती मिळते तेथे. ओतारीही हिरामच. लबानोनची लाकडे पाठविणाऱ्या सोरच्या राजाचे आणि याचे नाव एकच. याचा बाप सोरचा कारागीर आणि आई नफताली वंशातील इस्रायली विधवा. परक्या बापाच्या व इस्रायली आईच्या या मुलाच्या हातून मंदिराचे सारे पितळकाम झाले, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

पुढे द्वारमंडप, २० हात रुंद व १० हात खोल. त्याच्यासमोर पितळेचे दोन स्तंभ. प्रत्येक १८ हात उंच, घेर १२ हात. आतून पोकळ आणि पत्रा चार बोटे जाड, असे यिर्मयाच्या ग्रंथावरून कळते. वर ५ हातांचे कळस, त्यांवर साखळ्यांची जाळी, डाळिंबांच्या ओळी व कमळाकृती नक्षी. उजवीकडील स्तंभाचे नाव याखीन, डावीकडील बवाज. पहिल्याचा अर्थ 'तो स्थिर करील' आणि दुसऱ्याचा 'त्याच्या ठायी सामर्थ्य आहे' असा करतात. बवाज हे दावीद राजाच्या पणजोबांचेही नाव होते. हे स्तंभ छत पेलून धरीत होते की नुसतेच उभे होते याविषयी पंडितांत एकमत नाही. दारापाशी येणाऱ्यास हे घर कोणाच्या बळावर उभे आहे ते त्यांनी सांगावे, एवढे मात्र त्यांच्या नावांवरून उघड दिसते.

त्यामागे मुख्य दालन, म्हणजे पवित्र स्थान, ४० हात लांब. भिंतींचा दगड कोठेही दिसत नसे. जमिनीपासून आढ्यापर्यंत गंधसरूच्या फळ्या, जमिनीवर देवदाराचे तक्ते आणि त्यांवर सोन्याचा मुलामा. फळ्यांवर करूब, खजुरीची झाडे व उमललेली फुले कोरली होती. खिडक्या उंचावर व जाळीदार, म्हणून उजेड अंधुक. दोन्ही बाजूंस पाच पाच अशा दहा सोन्याच्या समया. त्यांच्या प्रकाशात समर्पित भाकरींचे मेज व धूपवेदी. बारा वंशांच्या नावे बारा भाकरी दर शब्बाथास बदलल्या जात.

सर्वांत शेवटी परमपवित्र स्थान. २० हात लांब, २० हात रुंद, २० हात उंच. सर्व बाजू सारख्या. खिडकी नाही, दिवा नाही. आत जैतुनाच्या लाकडाचे, सोन्याने मढविलेले दोन करूब, प्रत्येक १० हात उंच. प्रत्येकाचा पंख ५ हातांचा. एकाचा बाहेरचा पंख एका भिंतीस, दुसऱ्याचा दुसऱ्या भिंतीस आणि आतले दोन पंख मध्यभागी एकमेकांस टेकलेले. चार पंखांनी २० हातांची रुंदी बरोबर भरून निघाली. या पंखांच्या छायेत कराराचा कोश. कोशात काय होते? मोशेने ठेविलेल्या दोन दगडी पाट्यांवाचून दुसरे काही नव्हते, असे ग्रंथ आवर्जून सांगतो.

आमच्या वाचकांपैकी पुष्कळांस करूब म्हटले की चित्रांतील गुबगुबीत, पंखवाली बालके आठवतील. ती कल्पना फार नंतरची. त्या काळच्या हस्तिदंती कोरीवकामात, उदाहरणार्थ मगिद्दो येथे सापडलेल्या तुकड्यांत, सिंहाचे धड, माणसाचे तोंड व पसरलेले पंख असलेले प्राणी राजाच्या सिंहासनाच्या दोन्ही बाजूंस दाखविले आहेत. करूब म्हणजे सिंहासन वाहणारे व राखणारे प्राणी.

मिस्त्रींचे शास्त्र

हे सर्व आम्ही मुलांस सांगत असता मिस्त्री थापी खाली ठेवून ऐकत होते. मंदिराच्या तीन बाजूंना तीन मजली खोल्या बांधल्या होत्या, हे वाक्य येताच त्यांनी विचारले, "खालची खोली रुंद की वरची?" आम्ही ग्रंथ उघडून पाहिला. तळमजला ५ हात रुंद, मधला ६, वरचा ७. "मग बरोबर आहे," ते म्हणाले. "मुख्य भिंत वर जाताना पातळ केली असणार. दर मजल्याला एक हाताची पायरी सोडायची, तुळयांची टोके त्या पायरीवर ठेवायची. भिंतीला भोक पाडायला नको."

राजांच्या पहिल्या ग्रंथात नेमके हेच लिहिले आहे. तुळया मंदिराच्या भिंतीत घुसू नयेत म्हणून भिंतीस बाहेरून कंगोरे सोडले होते. ते वाक्य आम्ही सेमिनरीत असल्यापासून कितीदा वाचले असेल. पण त्याचा अर्थ आम्हांस एका गवंड्याने समजावून दिला. अशा रीतीने भांडारगृहे मंदिराला चिकटून उभी राहिली, तरी मंदिराच्या अंगाला त्यांचे लाकूड शिवले नाही.

दगडांविषयी तर ग्रंथ याहूनही विलक्षण गोष्ट सांगतो. दगड खाणीतच घडवून आणले होते. बांधकाम चालू असता हातोडा, कुऱ्हाड किंवा कोणतेही लोखंडी हत्यार यांचा आवाज त्या जागी ऐकू आला नाही. यहुदी गुरूंच्या आख्यायिकांत तर शामीर नावाच्या इवल्याशा किड्याने दगड चिरले असे म्हटले आहे. आख्यायिका बाजूस ठेवली तरी मूळ विचार स्पष्ट आहे. मोशेच्या नियमशास्त्रात वेदीच्या दगडांस लोखंड लावू नये अशी आज्ञा होती. लोखंड हे तरवारीचे द्रव्य. परमेश्वराच्या घराला त्याचा आवाजही नको.

वास्तूचा अर्थ

आता या सर्व रचनेचा अर्थ पाहू. पहिली गोष्ट म्हणजे पायऱ्या पायऱ्यांनी चढत जाणारे पावित्र्य. बाहेर पितळ, आत सोने. बाहेरचे दार देवदाराचे, आतले जैतुनाचे. बाहेर सूर्याचा प्रकाश, मधल्या दालनात समयांचा, आणि शेवटी पूर्ण काळोख. आपली अपेक्षा याच्या उलट असते. देवाच्या जितके जवळ जावे तितका प्रकाश वाढावा असे आपणांस वाटते. परंतु समर्पणाच्या दिवशी मंदिर मेघाने भरले तेव्हा शलमोनाने म्हटले ते हेच, की परमेश्वराने दाट अंधारात वसण्याचे ठरविले आहे. देव समजला असे ज्यास वाटते, तो अजून मधल्या दालनात, समयांच्या उजेडातच उभा आहे, असे आम्ही यावरून समजतो.

दुसरी गोष्ट बागेची. भिंतींवरील खजुरी, फुले, डाळिंबे आणि करूब यांस एकत्र पाहा. उत्पत्तीच्या ग्रंथात आदाम व एवा यांस एदेन बागेतून घालविल्यानंतर देवाने बागेच्या पूर्वेस करूब ठेविले, जीवनाच्या वृक्षाची वाट राखण्यासाठी. एदेनमधून निघणाऱ्या एका नदीचे नाव गीहोन. जेरुसलेमच्या झऱ्याचेही नाव गीहोनच. मंदिराचे दारही पूर्वेस. तेव्हा प्रमुख याजक वर्षातून एकदा पूर्वेकडून आत पश्चिमेस जाई, तो जणू हरवलेल्या बागेत परत पाऊल टाकी.

तिसरी गोष्ट 'समुद्र' या नावाची. त्या प्रदेशातील पुराणांत समुद्र हा देवांशी झुंजणारा उन्मत्त राक्षस. मंदिराच्या प्रांगणात तोच समुद्र एका भांड्यात, बैलांच्या पाठीवर, निवांत ठेविलेला आहे आणि याजक त्यात हातपाय धुतात. ज्याने समुद्रास मर्यादा घातली, त्याचे हे घर.

चौथी गोष्ट आम्हांस सर्वांत मोठी वाटते. शेजारच्या राष्ट्रांतही देवळे होती आणि त्यांची रचना पुष्कळशी अशीच होती. गर्भगृहाची कल्पना तर आपल्या देशातील वाचकांस सांगावयास नकोच. परंतु त्या देवळांच्या गर्भगृहात देवाची मूर्ती असे. येथे करूबांचे सिंहासन आहे, मात्र त्यावर कोणीही बसलेले नाही. पुढे इ. स. पूर्व ६३ मध्ये रोमन सेनापती पाँपे दुसऱ्या मंदिराच्या परमपवित्र स्थानात घुसला. तोवर कोश कधीच नाहीसा झाला होता. आत काही नाही हे पाहून तो चकित झाला असावा. ती जागा रिकामी असल्याची वार्ता रोमन इतिहासकार टॅसिटसनेही नोंदवून ठेविली आहे.

जमिनीने काय सांगितले?

शलमोनाच्या मंदिराचा एकही दगड खात्रीने ओळखता आलेला नाही. त्या टेकडीवर इ. स. ६९२ च्या सुमारास पूर्ण झालेला 'खडकावरील घुमट' उभा आहे. ती जागा मुसलमान बांधवांस पवित्र असल्याने तेथे शास्त्रीय उत्खनन झालेले नाही. पश्चिमेकडील जी भिंत यहुदी लोक प्रार्थनास्थान मानतात, ती हेरोद राजाने मंदिराच्या चौथऱ्यास घातलेल्या आधारभिंतीचा भाग होय. राजांच्या ग्रंथाला आजचे रूप पुष्कळ नंतर मिळाले, म्हणून काही पंडित या वर्णनातील वैभवाविषयी शंका घेतात.

परंतु आसपासची जमीन बोलली आहे. सीरियाच्या उत्तर भागात ऐन दारा येथे द्वारमंडप, दालन व गाभारा अशी रचना असलेले, बाजूंस ओवऱ्या असलेले मंदिर सापडले. त्याच्या उंबरठ्यावर सुमारे मीटरभर लांबीची पावले कोरली होती, जणू देव आत चालत गेला. २०१८ च्या जानेवारीत हवाई हल्ल्यात त्या मंदिराची मोठी नासधूस झाली. यहूदाच्या दक्षिण सीमेवरील अराद किल्ल्यात १९६० नंतरच्या दशकात योहानान अहारोनी यांनी एक लहान इस्रायली मंदिर खणून काढले. त्याच्या गाभाऱ्याच्या तोंडाशी दोन धूपवेदी होत्या. २०२० साली त्यांवरील काळ्या थरांचे पृथक्करण प्रसिद्ध झाले. एका वेदीवर ऊद आढळला आणि दुसरीवर भांग! यज्ञवेदी मात्र नियमशास्त्राप्रमाणे न घडविलेल्या दगडांची होती. जेरुसलेमच्या अगदी जवळ मोत्सा येथेही २०१२ साली त्याच काळातील एक मंदिर उजेडात आले. यावरून शलमोनाचे मंदिर त्या काळच्या वास्तुपरंपरेत बसते आणि ग्रंथातील वर्णन हवेतले नाही, इतके म्हणता येते.

याहून अधिक म्हणण्याची घाई करू नये. १९८८ साली इस्रायलच्या संग्रहालयाने एक हस्तिदंती डाळिंब साडेपाच लक्ष डॉलरांस विकत घेतले. त्यावरील अक्षरांवरून ते शलमोनाच्या मंदिरातील असे मानले गेले होते. २००४ साली तज्ज्ञांच्या मंडळाने ठरविले की डाळिंब जुने, पण अक्षरे अलीकडे कोणी कोरलेली. श्रद्धेला खोट्या पुराव्याचा टेकू लागत नाही.

जाता जाता आपल्या किनाऱ्याची एक गोष्ट. शलमोनाची गलबते ओफीर येथून सोने आणीत. जुन्या ग्रीक भाषांतरात हे नाव 'स' अक्षराने सुरू होते. त्यावरून काही विद्वानांनी ओफीर म्हणजे वसईजवळचे आपले सोपारा, असा तर्क केला. इतरांनी अरबस्तान किंवा आफ्रिकेचा किनारा सुचविला आहे. तर्क गोड आहे. परंतु डाळिंबाची गोष्ट नुकतीच सांगितल्यावर त्यावर अधिक भार घालणे आम्हांस शोभणार नाही.

मिस्त्रींचा प्रश्न

आता तो प्रश्न. मुले पांगल्यावर मिस्त्रींनी विचारले, "फादर, एवढे दगड नि लाकडे कोणी वाहिली? त्यांना मजुरी मिळाली का?"

ग्रंथ आकडे देतो. लबानोनात पाठविण्यास सर्व इस्रायलातून ३०,००० माणसे. त्यांच्या दहा दहा हजारांच्या तीन पाळ्या, एक महिना रानात व दोन महिने घरी. ७०,००० ओझेकरी, डोंगरात ८०,००० पाथरवट आणि त्यांवर ३,३०० मुकादम. सोरच्या राजास लाकडांबद्दल दरसाल गहू व तेल पोचते झाले. या ३०,००० माणसांस काय मिळाले ते लिहिलेले नाही; कारण ती वेठ होती. त्याच ग्रंथात पुढे, राजाने इस्रायलांपैकी कोणास दास केले नाही, असेही म्हटले आहे. परंतु शलमोनाच्या मृत्यूनंतर लोक त्याच्या मुलाकडे, रहबामाकडे गेले आणि बापाने घातलेले जड जू हलके कर म्हणाले. त्याने ते अधिक जड करण्याची धमकी दिली. तेव्हा दहा वंश फुटले आणि वेठीवरील अधिकारी अदोराम याचा लोकांनी दगडमार करून प्राण घेतला. ज्या राज्याने मंदिर उभारले, त्याचे असे दोन तुकडे झाले. दगडांवर हातोड्याचा आवाज झाला नव्हता हे खरे. पण तो खाणीत झालाच होता, आणि तो ज्यांनी सोसला ते विसरले नव्हते.

हे आम्ही मिस्त्रींस सांगितले. ते थोडा वेळ गप्प राहिले आणि म्हणाले, "वेठ आमच्या आजानेही केली होती." इतकेच बोलून ते उठले आणि पुन्हा भिंतीकडे वळले.

त्या रात्री आम्हांस झोप आली नाही. आमचे देऊळ रविवारी अपुरे पडते म्हणून मागल्या वर्षापासून त्याच्या वाढीव कामास आरंभ झाला आहे. ज्यांना शक्य त्यांनी पैसे द्यावे, ज्यांना शक्य नाही त्यांनी श्रमदान करावे, असे आम्ही वेदीवरून सांगितले होते. ते ऐकण्यास न्याय्य वाटले. परंतु वही काढून पाहता दिसले की पैसे देणाऱ्यांनी एकदा दिले व मोकळे झाले. श्रमदानास मात्र तीच तीच पंधरा-वीस घरे येत होती, तीही केवळ रविवारी नव्हे तर हातावरचे काम सोडून आठवड्याच्या दिवशीसुद्धा. नाही म्हणण्याची त्यांना लाज वाटत होती. ती लाज आम्ही भक्ती समजलो. वर्गात आम्ही शलमोनाचे हात मोजीत होतो, आणि अंगणात आमच्याच भिंतीचे दगड कोणाच्या डोक्यावरून येत होते ते आम्ही मोजले नव्हते.

पुढील रविवारी आम्ही वेदीवरूनच चूक कबूल केली. आठवड्याच्या दिवशी जो कोणी कामास येईल त्यास चालू दराने मजुरी मिळेल, झालेल्या दिवसांची मजुरीही वहीप्रमाणे दिली जाईल, आणि त्यामुळे काम एक वर्ष लांबले तरी चालेल, असे जाहीर केले. काही प्रतिष्ठित गृहस्थ नाराज झाले. त्यांचे म्हणणे असे की देवाच्या घरासाठी केलेल्या सेवेचे पैसे घेणे बरे नव्हे. आम्ही त्यांस इतकेच विचारले की ही सेवा करण्यास ते स्वतः कोणत्या दिवशी येतील. त्यांपैकी दोघे खरोखरच आले, हे येथे आनंदाने नमूद करतो.

समर्पणाच्या दिवशी शलमोनाने स्वतःच एक शंका बोलून दाखविली होती. ज्यास आकाश व आकाशापलीकडील आकाशही पुरत नाही, तो या घरात कसा मावेल? सात वर्षे खपून घर उभे केल्यावर, साऱ्या लोकांसमोर, राजाने असे म्हणावे यातच त्याचे शहाणपण दिसते. त्याच प्रार्थनेत त्याने मागितले की दूर देशाहून येणारा परका या घराकडे तोंड करून प्रार्थना करील तर तीही ऐकली जावी. पुढे यिर्मया संदेष्टा याच मंदिराच्या दारात उभा राहिला आणि त्याने बजाविले की परका, अनाथ व विधवा यांस छळून 'परमेश्वराचे मंदिर' हे शब्द जपत राहाल तर ही वास्तू तुम्हांस वाचविणार नाही. लोकांनी ऐकले नाही. इ. स. पूर्व ५८७ च्या सुमारास बाबेलच्या सैन्याने मंदिर जाळले, याखीन व बवाज फोडून त्यांचे पितळ गाड्यांवर घातले आणि समुद्रही तुकडे करून नेला. ज्याचे नाव 'तो स्थिर करील' होते तो स्तंभ मोड म्हणून गेला.

तरीही मंदिर संपले नाही. प्रभू येशूने मंदिर म्हणून आपल्या शरीराकडे बोट दाखविले. त्याने क्रुसावर प्राण सोडला त्या घटकेस मंदिराचा पडदा वरपासून खालपर्यंत फाटला, असे शुभवर्तमान सांगते. ज्या काळोख्या खोलीत वर्षातून एकदा एकानेच जावयाचे, ती सर्वांस उघडी झाली. नव्या कराराच्या शेवटच्या ग्रंथातील स्वर्गीय नगरीची लांबी, रुंदी व उंची सारखी आहे, परमपवित्र स्थानासारखीच; आणि तीत वेगळे मंदिर नाही, कारण सारी नगरीच ते स्थान झाली आहे.

चुन्याच्या रेघा आठवडाभर अंगणात होत्या. मुले त्यांत खेळत. परमपवित्र स्थानाच्या चौकोनात पाय टाकील तो बाद, असा त्यांनी नियम केला होता. मग अवकाळी पावसाची एक सर आली आणि रेघा धुऊन गेल्या. मिस्त्री अजून कामावर येतात. शनिवारी संध्याकाळी वहीवर अंगठा न उठविता सही करतात आणि आपली मजुरी मोजून घेतात.